कपाट नंबर चार

खरं सांगायचं तर त्या सोमवारी मी कपाट नंबर चार उघडायलाच नको होतं. पण कामाचा उत्साह (वर्षातून एकदा येतो) नडला. आत फायलींच्या गठ्ठ्यावर एक मांजर आणि तिची तीन पिल्लं. साहेबांनी फर्मावलं, संध्याकाळपर्यंत बाहेर काढा.

पूर्वी हे काम सोपं होतं. पोत्यात भरायचं, नदीपल्याड सोडायचं आणि येऊन चहा प्यायचा. कुणाला काही वाटत नसे. (मलाही नाही, हे लाजत सांगतो.) आता मात्र शिपाईमामांनी कानाला हात लावले. टायपिस्ट बाई माझ्याकडे कसायाकडे बघावं तसं बघायला लागल्या. काम पडलं माझ्या गळ्यात, आणि मी तर मांजरीने नुसतं बघितलं तरी खुर्चीवर चढतो. सल्ल्यासाठी घरी फोन केला, तो नेमका लेकीने उचलला.

"बाबा, त्यांचे अजून डोळेही उघडले नाहीत. हलवलंस ना, तर मी तुझ्याशी बोलणार नाही. कधीच."

ती बोलते तसं करते; आईवर गेली आहे.

इकडे आड, तिकडे विहीर. मग बावीस वर्षांच्या नोकरीत मला जे एकच येतं ते केलं. फाईल उघडली. विषय: मांजर हलविण्याबाबत. कुणी हलवावं, कुठे ठेवावं, पिल्लू दगावल्यास जबाबदार कोण? निर्णय होईपर्यंत कपाटातला कागदही हलवू नये, असा शेरा मारून साहेबांपुढे ठेवली. असल्या कागदावर सही करायला आजकाल कोण धजावतो? साहेबांनी लिहिलं, 'चर्चा करावी'.

चर्चेत सहा आठवडे गेले. पिल्लांचे डोळे उघडले, त्यातलं एक तर साहेबांच्याच मांडीवर झोपायला लागलं. शेवटी हुकूम निघाला: मांजर आहे तिथेच राहील, कपाटाला कुणी हात लावू नये. टायपिस्ट बाईंनी पेढे नाहीत म्हणून बिस्किटं वाटली. घरी लेकीने मिठी मारली. इतका भाव मला माझ्या लग्नातही मिळाला नव्हता.

त्याच आठवड्यात बढतीची यादी लागली. तीत माझं नाव नव्हतं. तावातावाने साहेबांकडे गेलो. मांडीवरच्या पिल्लाला थोपटत ते हळूच म्हणाले,

"तुमचं सर्व्हिस बुक चार नंबरच्या कपाटात आहे. मांजरीखाली. कागद हलवू नये असा शेरा आहे. अक्षर तुमचंच दिसतंय."

खड्ड्यात गेला शेरा, म्हणत मी कपाट उघडलं. मांजरीने नुसतं बघितलं.

मी खुर्चीवर चढलो. जुन्याच.