बोंडअळीचा रोल

मुनीरभाई फार सुंदर मरत. डोणगावच्या हॉटेलात चहा पिताना कुणी नुसतं "मुनीर, मरून दाखव" म्हटलं, की कप खाली ठेवून लगेच बाकावर आडवे होत. विष घेऊन, तलवारीनं, झुरून झुरून, सांगाल तसं. राजाचा रोल दिला तरी पहिला प्रश्न, "हा मरते का जगते?" जगणारा असेल तर नकार. "मरनाऱ्याकडं पब्लिक पाह्यते, सर. जगनारे काय, रोजचेच आहेत."

पोटापाण्यासाठी ते कपडे शिवत. बाकी सगळा जीव कलेत. गणपतीतली नाटकं, लग्नातल्या नकला, ऑर्केस्ट्रात बाईच्या आवाजात गाणी. खामगावच्या एका हौशी माणसानं काढलेल्या सीडी पिक्चरमध्ये त्यांनी प्रेताचं काम केलं. तिरडीवर त्यांना शिंक आली. दिग्दर्शकानं ती कापली नाही, त्यामुळे आमच्या भागात तो पिक्चर विनोदी म्हणून चालला.

मी शाळेत विज्ञान शिकवतो आणि त्या काळी स्वतःला नट समजत असे. बीटी कपाशीचं बियाणं नवं होतं, तेव्हा एका कंपनीनं गावोगाव जीपमधून खेळ करायला माणसं मागितली. मुनीरभाई बोंडअळी झाले, मी शास्त्रज्ञ. माझी निवड चष्म्यावर झाली होती. त्यांनी हिरव्या साटिनचा अंगभर झगा शिवला, बोंडं फोडून अळीची चाल पाहिली आणि घरभर सरपटून सराव केला. खेळात अळी बीटीचं बोंड खायची, तडफडून मरायची, मग मी बोलायचो. दुसरबीडला मी पहिलंच वाक्य विसरलो. तेव्हा मेलेली अळी एक डोळा उघडून कुजबुजली, "शेतकरी बंधूंनो म्हना न सर!" लोकांनी टाळ्या अळीलाच दिल्या.

आमच्या गावानंही तो खेळ पाहिला, आणि मुनीरभाईंच्या शेजारच्या कौसामावशीनं ज्वारी सोडून सगळं वावर कपाशीखाली घातलं. "मुनीर एवढा तडफडला, तं खोटं असन काय?"

बरीच वर्षं ते खरंच ठरलं. मग एका हिवाळ्यात बीटीच्याच बोंडांत गुलाबी अळी निघाली. गावभर किडका कापूस. हॉटेलात कुणीतरी म्हणालं, "काऊन बे मुनीर, तू तं मेला होता न?" सगळे हसले, तेही हसले. पण त्यानंतर ते हॉटेलात आले नाहीत. दुकानाचं दारही अर्धंच उघडं असे. मला पोरं 'शास्त्रज्ञ' म्हणून हाका मारू लागली होती. मी शूर माणूस, शाळेत जायला मागची गल्ली धरली.

शाळेच्या गॅदरिंगला मुनीरभाईंच्या नकलेशिवाय गाव येत नसे. बोलवायला गेलो, तर ते मशीनवर गुलाबी साटिन शिवत होते.

"सर, तुमचा तो शास्त्रज्ञाचा पांढरा कोट बाहेर काढा. एकदा पब्लिकसमोर जाऊ द्या मले. मारलं तं मारलं. असं तोंड चुकवून जगनं नाही जमत."

माझं पोट दुखू लागलं. त्यांनी ते खोटं दुखणं लगेच ओळखलं.

भर दुपारी स्टेजवर गुलाबी अळी आली. मी पंपानं फवारलं. अळी मेली. टाळी पडायच्या आत उठली. पुन्हा फवारलं, पुन्हा उठली. शेवटी माझ्या हातातला पंप घेऊन तिनं मलाच फवारलं. लोक पोट धरून हसले. मलाही बरं वाटलं, म्हणजे भिजलेल्या माणसाला वाटेल तितकं. मग अळी सरपटत खाली उतरली आणि बायकांमध्ये बसलेल्या कौसामावशीच्या पायाशी आडवी पडली.

"आता तुमीच मारा, मावशी."

हे आमच्यात ठरलं नव्हतं. मावशीनं वाकून त्यांच्या तोंडावरचं साटिन मागं सारलं. मुनीरभाई रडत होते. तसं रडताना मी त्यांना कुठल्याच नाटकात पाहिलं नव्हतं.

"जेवला काय रे?" तिनं विचारलं.

"नाही."

"मंग ऊठ. भाकर आहे घरी."

ती त्यांना हाताला धरून निघाली. मी ओल्या कोटात तिथंच उभा. फाटकापाशी मावशी वळली.

"तुमीबी या न सर. काऊन उभे राह्यले?"

मी धावतच गेलो.