अननसाचं कापड

बेटावर तुफो हा गाण्याचा नाच करताना मंडळातल्या सगळ्या बायकांनी एकच कापड नेसायचं, आणि तसं कापड दुसऱ्या मंडळाकडे दिसता कामा नये. म्हणून साकिनाने पिवळ्या अननसांचं कापड घेताना दुकानदाराला तशी शपथ घ्यायला लावली. तीच शपथ त्याने सकाळी राबियाच्या मंडळासमोरही घेतली होती.

"मावशी, यंदा तू कडेला बसून टाळ्या वाजव," साकिना म्हणाली. "आता आपण उभ्याने नाचणार. कीबोर्डपण आणलाय. तुझे गुडघे..."

"माझ्या गुडघ्यांची तक्रार तुझ्याकडे कधी आली गं?" आतिजा मावशी फणकारली.

चाळीस वर्षं ती पहिल्या रांगेत गुडघे टेकून, नुसत्या हाताखांद्यांनी नाचत आली होती. तिला रडू आलं. पण तोंडाला मुसिरोचं खोड उगाळून केलेला पांढरा लेप लावलेला, तो ओघळला असता. तिने डोळे वर करून पाणी आत परतवलं.

उत्सवातल्या स्पर्धेच्या दुपारी सगळं बेट उन्हात पेंगत होतं. मावशीला तसंही कमीच दिसायचं. त्यात जिकडेतिकडे पांढरे चेहरे आणि पिवळे अननस. ती अननसांच्या मागे मागे गेली, आणि बघते तर काय, पोरी शहाण्यासारख्या गुडघे टेकून बसलेल्या!

"सरक गं जरा," ती म्हणाली. शेजारी बसलेल्या बाईने तिच्याकडे वळून पाहिलं आणि सरकून जागा दिली.

डफ घुमले. मावशीने सूर लावला, मागून तीस गळे उठले. खांदे लाटेसारखे हलू लागले. मावशीने डोळे मिटून घेतले. आपण नाचतोय की पाण्यावर तरंगतोय, तेच तिला कळेना. पोरींनी अखेर आपलं ऐकलं, या आनंदाने तिच्या लेपावरून दोन ओघळ उतरलेच.

"पहिलं बक्षीस, राबियाचं मंडळ!"

"राबियाचं? अगं, मग आपलं काय?" मावशी कळवळली.

"मावशी," शेजारीण हळूच म्हणाली, "मीच राबिया."

दुसऱ्या दिवशी साकिना चष्मा घेऊन आली. तिचे डोळे सुजले होते.

"हा घाल. आणि पुढच्या वर्षी पहिल्या रांगेत तूच बस. पहिलं गाणं आम्ही गुडघे टेकून म्हणू. दुसरं मात्र उभ्याने हं!"

"बघू," मावशी म्हणाली. तिने साकिनाच्या गालावरून हात फिरवला आणि चष्मा उशीखाली सरकवला. "पण कापड हेच ठेवा गं. अननस छान दिसतात."