मधूकाकांचे संत्र्यातले विंग्स

जन्मात मांसाचा तुकडा जिभेला न लावलेला माणूस रविवारी सकाळी अर्धा किलो चिकन विंग्स घेऊन आपल्या दारात उभा राहिला, तर तुम्ही काय कराल? मी दार उघडलं. समोर शेजारचे मधूकाका. पिशवी अंगापासून हातभर लांब धरलेली, जणू आत जिवंत उंदीर आहे.

"मास्तर, तुमचा गॅस मोकळा छे ने?"

हे "छे ने" त्यांना डहाणूच्या गुजराती पेशंटांकडून लागलेलं. जन्मभर ते एका दवाखान्यात कंपाउंडर होते. रिटायर झाले, काकी गेल्या, पण कंपाउंडरकी गेली नाही. चहात साखर किती विचारलं तर "पाच ग्रॅम" म्हणतात. सोसायटीत कोणी नळ गळतोय म्हणून सांगायला आलं, तरी यांचा पहिला प्रश्न, "किती दिवसांपासून?"

मी तलासरीच्या शाळेत शिकवतो आणि इथे एकटाच राहतो. त्यामुळे माझं स्वयंपाकघर त्यांना पसंत पडलं. स्वतःच्या घरात चिकन? "छ्या! तुमच्या काकीची भांडी आहेत." कोणासाठी शिकताय विचारलं की, "ते नंतर," एवढंच.

हातात रबरी मोजे, तोंडावर मास्क. विंग्स धुऊन कापडानं टिपले, मीठ-मिरपूड चोळली, कढईत खरपूस तळले. मग सॉस. लसूण, लाल मिरची, गूळ आणि मोसंबीचा रस. रस औषधाच्या मापात, एक डोळा मिटून मोजलेला. तो आटेपर्यंत उकळला. चव घ्यायला अर्थात मी.

"काका, कडू झालंय हो."

"कसं कडू? काढ्यासारखं की कोयनेलच्या गोळीसारखं?"

"कोयनेल."

"तोंडात टाकल्यावर किती वेळानं?"

डायरीत नोंद झाली. पुढच्या रविवारी मोसंबी बाद, संत्रं आलं. त्यापुढच्या रविवारी वरून लिंबू, पण गॅस बंद केल्यावर. "आंबटाचा डोस वाढवू का?" म्हणत ते माझा चेहरा असा निरखायचे की घास गिळायचीही भीती वाटे. पाचव्या रविवारी मी सगळे विंग्स न बोलता संपवले आणि बोटंही चाटली.

"पेशंटला आराम आहे," काका म्हणाले आणि महिन्याभरात पहिल्यांदा हसले.

त्यापुढच्या रविवारी ते आलेच नाहीत. दुपारी मीच डोकावलो. खरपूस वास त्यांच्याच घरातून येत होता! काका ओट्यापाशी होते आणि दारात त्यांची सून जयश्री. तलासरीजवळच्या उधवा गावची मुलगी, वापीला नर्स आहे. गेल्या वर्षी काका जिन्यात पडले, पायाला प्लास्टर घालावं लागलं, तेव्हा सुट्टी काढून महिनाभर इथे राहिली होती.

"बाबा, आईंच्या कढईत?" ती हळूच म्हणाली.

काका कढईतच बघत होते. "महिनाभर तू मला पेज भरवलीस. मला काय पचतं, काय नाही, सगळं तुला पाठ. तुला काय आवडतं, हे मी एकदाही विचारलं नाही. दिवाळीत मुलगा फोनवर सहज बोलून गेला. इथून परत गेलीस, त्या दिवशी स्टेशनबाहेर उभी राहून आधी हेच खाल्लंस म्हणे."

जयश्रीनं खांद्यावरची पर्स उतरवून ठेवली. काकांनी तिला ताट वाढलं, मलाही बसवलं. आजवर समोर कोणी मांसाहार करू लागलं की ते उठून जायचे. आज आपला वरणभात घेऊन तिच्या शेजारी बसले.

तिनं पहिला विंग खाल्ला. "हे खरंच तुम्ही केलंत?"

"चव मास्तरांची. माझं फक्त माप."

ती हसली, दुसरा उचलला. तिची चारची गाडी होती. काका नुसताच भात कालवत राहिले, मग घड्याळाकडे न बघता म्हणाले, "आज राहतेस?"

"राहते की. ड्युटी उद्या दुपारची आहे."

काका "बरं" म्हणाले आणि तिच्या ताटात आणखी दोन विंग्स वाढले. निघताना आतल्या खोलीत माझी नजर गेली. पलंगावर इस्त्रीची चादर घातलेली होती, उशाशी पाण्याचा तांब्या भरून ठेवलेला होता.