वकिलाच्या कोटाची बाही

"हात आज लोंबता ठेवायचा. आणि कुणी काही विचारलं, की आधी कण्हायचं," मास्तरांच्या सदऱ्याची बटणं लावत बायको म्हणाली.

"पण मला दुखत नाही, तर कण्हू कशाला?"

"दुखत नाही हेच तर दुखणं आहे!"

मास्तर म्हणजे शिंपी. बसमधून उतरताना दार त्यांच्या उजव्या हातावर मिटलं आणि ड्रायव्हरनं गाडी तशीच दामटली. हाडं जुळली, पण अंगठ्यासकट पुढची बोटं बधिर झाली ती झालीच. बायकोनं बसखात्यावर नुकसानभरपाईचा दावा लावला. हात निकामी ठरला की मशीन विकायचं आणि दुकानाची जागा सोडायची, हेही तिनंच ठरवून टाकलं. मास्तर मुकाट्यानं हेलपाटे घालत होते, पण मनातून त्यांना दावा जिंकायचाच नव्हता. अपघातानंतर त्यांनी सुई धरली नव्हती. डॉक्टरांची मनाई आहे असं ते सांगत. खरं म्हणजे भ्यायले होते. दोरा ओवलेली सुई मात्र रोज सवयीनं कॉलरच्या आत टोचून घेत.

कोर्टाच्या बोळात त्यांना बाकावर बसवून बायको त्यांच्या वकिलाला शोधायला गेली. शेजारी एक तरुण वकील मांडीवर काळा कोट घेऊन बसला होता. बाहीचं अस्तर उसवून मनगटापाशी लोंबत होतं. मास्तरांनी तोंड फिरवलं. भिंत पाहिली, छत पाहिलं. अस्तर काही डोळ्यांसमोरून हलेना.

"हे कुणी शिवलं?" शेवटी न राहवून त्यांनी विचारलं.

"तयार घेतलाय."

"वाटलंच. आणा इकडे."

"अहो, राहू द्या. माझी केस आहे आत्ता."

"म्हणून तर! असे जाणार साहेबांसमोर?"

बोळात मिणमिणता दिवा होता. मास्तरांनी सुई काढली. बोटांना कळो न कळो, हात आपसूक चालू लागला. मास्तरांचा ऊर भरून आला. बायको उगाच रडते, हात तर चालतोय! आनंदाच्या भरात त्यांनी नेहमीपेक्षा दाट टाके घातले, दातानं दोरा तोडला आणि कोट झटकून परत दिला. तेवढ्यात बायको त्यांच्या वकिलाला घेऊन परतली आणि पुकारा झाला. वकील कोट हातावर टाकून आत पळाला आणि त्याच्या मागोमाग, बायकोचा हात धरून, मास्तरही त्याच दारातून आत गेले.

तो बसखात्याचा वकील होता. अर्जदाराच्या जागी मास्तर दिसताच त्याचे डोळे चमकले.

"साहेब, यांचा हात निकामी आहे म्हणे! याच हातानं यांनी आत्ता बाहेर बाकावर माझा कोट शिवला!"

बायकोनं कपाळावर हात मारून घेतला. "कण्हायला सांगितलं होतं हो मी," ती पुटपुटली.

"खरं का?" न्यायाधीशांनी विचारलं.

"खरं, साहेब," मास्तर ताठ मानेनं म्हणाले. त्यांच्या वकिलानं मागून सदरा ओढला. मास्तरांनी सोडवून घेतला.

"घालून दाखवा कोट," न्यायाधीश म्हणाले.

वकिलानं ऐटीत बाहीत हात घातला. हात बाहीच्या टोकापर्यंत गेला आणि अडला. त्यानं जोर लावला, स्वतःभोवती एक गिरकी घेतली, मग शिपायानं बाही धरून ओढून पाहिली. अस्तराबरोबर बाहीची दुसरी बाजूही धरून मास्तरांनी तोंड पार शिवून टाकलं होतं. टाका मात्र इतका पक्का, की तुटायचं नाव नाही. सगळं कोर्ट हसू लागलं. न्यायाधीशांनी रुमाल तोंडाला लावला.

"उजेड नव्हता, साहेब!" मास्तर ओरडले. "द्या इकडे, आत्ता नीट करतो."

न्यायाधीशांनी कोट त्यांच्याकडे द्यायला लावला. मास्तर सुई काढून खिडकीपाशी गेले. तिथे उजेड भरपूर होता. बोटं टाका शोधत राहिली. टाका दिसत होता, पण चिमटीत येत नव्हता. हसणं हळूहळू थांबलं. बायको उठून जवळ गेली, तेव्हा तिला सदऱ्यावरचे रक्ताचे डाग दिसले. सुई बोटांत कितीदा घुसली होती, ते मास्तरांना कळलंच नव्हतं.

"पुरे आता," ती हळूच म्हणाली.

निकाल मास्तरांच्या बाजूनं लागला. त्यांनी मान वर केली नाही.

बोळात तो वकील पुन्हा समोर आला, एक बाही चढवलेली आणि एक लोंबती. "मास्तर, एवढं मोकळं करून द्या ना. दुसरी केस आहे."

बायकोनं कोट ओढून घेतला आणि बाकावर बसून टाके उसवू लागली. मग मास्तरांच्या कॉलरमधली सुई तिनं विचारल्याशिवाय काढली.

"आतला थर सोड. हां. लांब टाके नको," मास्तर म्हणाले.

"मला शिकवता?"

"मग आता कुणाला शिकवू?"

तिनं बाही त्यांच्यापुढे धरली. त्यांनी नेहमीसारखी उजव्या हाताची बोटं बाहीत घालून कापड ताणून धरलं, आणि तिनं त्या बोटांना जपत टाका घातला.

वकिलाचा हात आरपार गेला. "किती द्यायचे?"

"काही नको. कोट दुकानात आणलात तर मशीनवर नीट करून देईन," ती म्हणाली, आणि जीभ चावली.

"मशीन विकायचंय ना?" मास्तरांनी विचारलं.

"बघू," असं म्हणून तिनं सुई स्वतःच्या पदराला टोचली. मास्तर रडत होते, पण नजर बाहीवरच होती.

"वाकडा आलाय," ते म्हणाले. "उद्या सरळ येईल."