सोनाराच्या काट्यावर निकोटिन

“हेम, दार उघड. आत काय चाललंय तुझं?”

शर्मिलाने अंगणातल्या सायकलींच्या शेडचं दार ठोठावलं, तेव्हा आत हेमचंद्र पोहण्याचा चष्मा, भांडी घासायचे पिवळे हातमोजे आणि गळ्यापर्यंत चेन लावलेला रेनकोट घालून, श्वास रोखून उभा होता. बाहेर लख्ख ऊन होतं. त्याच्या उजव्या हातात बिनसुईची सिरिंज होती आणि सिरिंजमध्ये निकोटिन होतं.

“पंक्चर काढतोय!” तो आतून ओरडला.

“कालही पंक्चरच काढत होतास.”

“ते पुढच्या चाकाचं. हे मागचं.”

त्याने सिरिंज जपून ठेवली आणि दार इंचभर उघडलं. शर्मिलाने त्याला आपादमस्तक न्याहाळलं.

“पोहायचा चष्मा कशाला?”

“ट्यूबमधली हवा डोळ्यात उडते गं.”

दुसरं कुठलं वर्ष असतं तर शर्मिलाने त्याला तिथेच सोलून काढलं असतं. पण तो दोन हजार वीसचा मे महिना होता. बाडहूव्हडॉर्प या त्यांच्या डच गावात शेजारचे आजोबा वेल्डिंगचा मुखवटा लावून पाव आणायला जात होते. कोणी काहीही घालून हिंडलं तरी लोक म्हणत, काळजी घेतोय बिचारा. शर्मिलाही तसंच काहीसं पुटपुटत आत गेली आणि हेमचंद्राने रोखलेला श्वास सोडला.

आता हा सगळा उपद्व्याप कशासाठी, ते सांगायला हवं. हेमचंद्राने पाडव्याच्या दिवशी श्रीखंडाच्या पातेल्यावर हात ठेवून सिगरेट सोडल्याची शपथ घेतली होती. समोर बायको होती, सासूबाई होत्या आणि व्हिडिओ कॉलवर पुण्याचे आईवडील होते. “सिगरेटच नाही, निकोटिनच बंद,” असं शर्मिलाने त्याच्याकडून स्पष्ट वदवून घेतलं होतं. ती मूळची फार्मसीची. तिला पळवाटा ठाऊक. शपथ मोडली तर पुढे काय, हेही तिने शांतपणे सांगितलं होतं. “मग तुझ्या कुठल्याच शब्दावर मी परत विश्वास ठेवणार नाही. भाजी आणली म्हणालास तरी पिशवी उघडून बघेन.” बायको भांडली तर हेमचंद्राला चालत असे. ती अशी शांत बोलली की तो कुठल्याही शपथेला तयार होई.

सिगरेट त्याने खरंच सोडली. पण एक छोटं वेपचं, म्हणजे निकोटिनची वाफ ओढायचं यंत्र मात्र सायकलच्या हत्यारांच्या पेटीत जाऊन बसलं. पुढे वेपच्या दुकानदाराने लॉकडाउनच्या धास्तीने दुकानच बंद केलं, तेव्हा हेमचंद्राला द हेगचा मित्र शिरीष आठवला.

“हेम्या, घरीच बनव की,” शिरीष फोनवर म्हणाला. “ग्लिसरीन, त्याचं ते दुसरं पातळ भावंड, जरा वासाचं काहीतरी, आणि निकोटिन. झालं काम.”

“निकोटिन मोजायचं कसं?”

“अरे, आमटीत मीठ टाकतोस ना, तसं. अंदाजाने.”

शिरीषने हे वाक्य चुकीच्या माणसाला ऐकवलं. हेमचंद्र एका मोठ्या सॉफ्टवेअर कंपनीत टेस्ट मॅनेजर होता. चुकीचं काय काय होऊ शकतं याचा दिवसभर विचार करण्याचेच त्याला पैसे मिळत. चहा करतानाही तो पातेल्याची मूठ आधी गार आहे का ते बघायचा. अशा माणसाने इंटरनेटवर ‘निकोटिन त्वचेतून शरीरात जातं’ हे वाचलं आणि त्याची झोप उडाली. पण वेपशिवायही झोप लागत नव्हती. तेव्हा निकोटिन घ्यायचं, पण अतिशय सुरक्षितपणे घ्यायचं, असा त्याने निश्चय केला. न घेणं हा सगळ्यात सुरक्षित मार्ग आहे, हे त्याला सुचलंच नाही असं नाही. सुचलं, आणि त्याने ते झटकून टाकलं.

सिरिंजवरच्या रेघांवर त्याचा विश्वास नव्हता. वजनच अचूक, असं ठरवून त्याने बारीक वजनाचा एक नाजूक काटा मागवला. पार्सल आलं तेव्हा तो मीटिंगमध्ये होता, म्हणून ते सासूबाईंनी घेतलं.

शामलाबाई सांगलीच्या निवृत्त मुख्याध्यापिका. फेब्रुवारीत तीन महिन्यांसाठी म्हणून आल्या आणि विमानं बंद झाल्यावर अडकल्या. त्यांनी पार्सल उघडलं, कारण घरात आलेली वस्तू न उघडता ठेवणं त्यांच्या स्वभावात बसत नव्हतं.

“शर्मिला, हा तर सोनाराचा काटा गं,” त्या कुजबुजल्या. “जावईबापूंची नोकरी शाबूत आहे ना?”

“आहे की. का?”

“नाही, पुरुषमाणसं आधी बायकोला सांगत नाहीत. गुपचूप दागिने मोजायला घेतात.”

त्या दिवसापासून शामलाबाई पाटल्या घालूनच आंघोळीला जाऊ लागल्या. जेवताना त्या अचानक विचारत, “हेमचंद्रराव, ऑफिसात सगळं ठीक ना?” आणि जावयाला सासूच्या मायेचं भरून यायचं.

काटा लाभला. थेंब थेंब तोलून हेमचंद्राने गुलाबाच्या वासाचं मिश्रण बनवलं. आता प्रश्न साठवणीचा. त्याने स्ट्रूपवाफल बिस्किटांचा रिकामा पत्र्याचा डबा घेतला, बाटल्यांची बुचं घट्ट लावली, प्रत्येकीला वेगळ्या पिशवीत गुंडाळलं आणि डब्यावर लाल मार्करने मोठ्या अक्षरांत लिहिलं, ‘विष! हात लावू नये.’ खाली एक कवटीही काढली. चित्रकला बेताची असल्याने ती कवटी हसऱ्या बटाट्यासारखी दिसत होती, पण मजकूर स्पष्ट होता. डबा सगळ्यात वरच्या फळीवर, रंगाच्या डब्यांमागे गेला. चार दिवस तो निर्धास्त होता.

पाचव्या दिवशी डबा फळीवर नव्हता.

हेमचंद्राने शेड उलटीपालटी केली. रंगाचे डबे काढले, सायकली बाहेर काढल्या, शेवटी स्वतःच्या खिशातही बघितलं. मग घामाघूम होऊन तो स्वयंपाकघरात आला. शर्मिला टेबलाशी शिऱ्याची बशी घेऊन बसत होती.

“एक स्ट्रूपवाफलचा डबा बघितलास का गं? शेडमधला?” त्याने जमेल तितक्या सहज विचारलं. “त्यात, ते हे, गंज काढायचं औषध आहे. वर विष लिहिलंय. म्हणजे कोणी चुकून हात लावणार नाही.”

शर्मिला खो खो हसत सुटली.

“विष लिहिलंस? आणि आई घरात असताना? अरे, आमच्याकडे लाडवाच्या डब्यावर आई ‘उंदरांचं औषध’ लिहायची! आम्ही भावंडं फस्त करू नये म्हणून. काजूच्या बरणीवर ‘ढेकणांची पावडर’. मी दहावीपर्यंत समजत होते की आपल्या घरात फार उंदीर आहेत.”

“म्हणजे?” हेमचंद्राने विचारलं.

“म्हणजे काय, विष म्हटलं की आईला कळतं, आत काहीतरी गोड आहे.”

त्याच क्षणी हेमचंद्राच्या नाकाला वास आला. गुलाबाचा. तो बशीतून येत होता. शर्मिलाने चमचा उचलला होता.

“खाऊ नकोस!”

त्याने बशीवर अशी झेप घेतली की शिरा पडद्यावर गेला, बशी सिंकमध्ये पडली आणि ओट्याशी उभ्या शामलाबाईंच्या हातातलं उलथनं उडालं.

“अहो, काय हे! साजूक तुपातला शिरा होता!” शामलाबाई कडाडल्या.

“आई, तुम्ही खाल्लात? शर्मिला, तू खाल्लास?”

“दोन वाट्या,” शर्मिला म्हणाली. “ही तिसरी होती. तूही तर सकाळी चाखलास.”

चाखला होता. चाखला कसला, बशी चाटूनपुसून खाल्ला होता. हेमचंद्राच्या डोळ्यांसमोर श्रीखंडाचं पातेलं आलं, शपथ आली, भाजीची पिशवी आली. गंजाच्या औषधाची थाप अजून चालली असती. पण गंजाचं औषध म्हटलं तर डॉक्टर भलताच उपाय करतील, आणि समोर बायको दोन वाट्या खाऊन बसलेली. तिला काही झालं तर, या विचाराने त्याला रडूच फुटलं.

“त्या डब्यात निकोटिन होतं,” तो म्हणाला. “मी वेप करतो. शेडमध्ये. पाडव्यापासून. पंक्चर कधीच नव्हतं. तू नंतर मला काय वाटेल ते बोल, फक्त आत्ता खाली बस आणि गरगरतंय का सांग.”

शर्मिला खाली बसली. मनगटावर बोटं ठेवून ती स्वतःची नाडी मोजू लागली.

त्याने हाउसआर्ट्सला, म्हणजे त्यांच्या नेहमीच्या डॉक्टरांच्या दवाखान्याला, फोन लावला. या देशात आल्यापासून त्याला एक अनुभव होता. ताप असो, पाठ असो, पायाचं बोट मोडलेलं असो, पलीकडची मदतनीस बाई म्हणे, “पॅरासिटामॉल घ्या आणि आठवडाभर वाट बघा.” आज तिने निकोटिन ऐकलं आणि पॅरासिटामॉलचं नाव काढलं नाही.

“किती तीव्रतेचं आहे?” तिने विचारलं.

“मिलीलिटरला वीस मिलिग्रॅम,” तो ताडकन म्हणाला. “शंभर टक्के अचूक. मी स्वतः तोललंय.”

“छान. आणि खाण्यात किती गेलं?”

यावर मात्र जगातला कुठलाच काटा उपयोगाचा नव्हता.

“आई, शिऱ्यात त्या बाटलीतलं किती घातलंत?”

“कुठल्या बाटलीतलं? मी अंदाजाने घालते सगळं,” शामलाबाई म्हणाल्या.

“सासूबाई म्हणतात, अंदाजाने,” त्याने फोनवर कळवलं.

“कोणाला मळमळतंय का? चक्कर?”

विचारल्याबरोबर तिघांनाही मळमळायला लागलं. शर्मिलाने कपाळाला हात लावला. हेमचंद्राने टेबल धरलं. शामलाबाईसुद्धा खुर्चीवर टेकल्या आणि “मला छातीत कसंसंच होतंय” म्हणाल्या, पण त्यांची नजर जावयाकडे नव्हती. ती त्यांच्या खोलीच्या दाराकडे होती.

“बाटली समोर घ्या,” मदतनीस बाई म्हणाली. “किती उरलंय ते मला सांगा.”

“आई, डबा कुठे आहे?” शर्मिलाने विचारलं.

“कुठला डबा?”

“आई!”

शामलाबाई उठल्या. मुख्याध्यापिकेची ताठ चाल कुठल्या कुठे गेली होती. त्यांनी खोलीतून उशीच्या अभ्र्यात गुंडाळलेला डबा आणला आणि टेबलावर ठेवला. हसरा बटाटा वर आला. हेमचंद्राने झाकण उघडलं. बाटल्या जशाच्या तशा होत्या. बुचं घट्ट, पिशव्यांच्या गाठी त्याच. एक थेंब कमी झाला नव्हता.

“मग शिऱ्यात गुलाब कुठून आला?”

“गुलाबपाणी! कोपऱ्यावरच्या तुर्की दुकानातलं. तूच नाही का आणलंस, शर्मिला?”

हेमचंद्राने बाटल्या पुन्हा एकेक करून मोजल्या. मग त्याला बाटल्यांच्या मधोमध कागदाची एक पुडी दिसली. पुडीत काळी पूड होती.

“हे माझं नाही,” तो म्हणाला.

“ते माझं दंतमंजन,” शामलाबाई घाईघाईने म्हणाल्या. “वैद्यांचं.”

शर्मिलाने पुडी नाकाशी नेली. फार्मसीचं नाक ते. तिचा चेहरा हळूहळू बदलत गेला.

“आई, ही मिश्री आहे.”

शामलाबाईंनी हातातल्या पाटल्या मागेपुढे केल्या.

“तंबाखू भाजून केलेली मिश्री! आणि मी लहानपणापासून सगळ्यांना सांगत आले की आमची आई दिवसातून पाच वेळा दात घासते! शाळेत पोरांकडून तंबाखूविरोधी शपथा घ्यायचीस गं तू!”

“तीन महिन्यांचीच आणली होती,” शामलाबाईंचा आवाज पहिल्यांदाच बारीक झाला. “विमानं कधी सुटणार, देवाला ठाऊक. एवढीच पुडी उरली. तुझ्या हाती लागू नये म्हणून जागा शोधत होते. शेडमध्ये हा डबा दिसला. उघडला, तर औषधाच्या बाटल्या. म्हटलं बरं झालं, वर विष लिहिलंय, हा कोणी उघडून बघायचं नाही. म्हणून उचलून खोलीत आणला.”

“हॅलो?” फोनमधून आवाज आला. “डब्यात काय सापडलं?”

हेमचंद्राने जमेल तसं भाषांतर केलं; त्यात शिऱ्याची पेस्ट्री झाली.

“तुमच्या सासूबाई,” बाई सावकाश म्हणाली, “तंबाखूने दात घासतात?”

“होय.”

“आणि ते पेस्ट्रीत पडलं आहे का?”

“नाही. पेस्ट्रीत काहीच पडलेलं नाही. पेस्ट्री पडद्यावर पडली आहे.”

“मग डोकं दुखत असेल तर पॅरासिटामॉल घ्या,” ती म्हणाली. हेमचंद्राला हे शब्द इतके गोड कधीच वाटले नव्हते.

शर्मिला त्या दिवशी ओरडली नाही. तिने पडदा धुवायला टाकला, डबा उचलला, सोनाराचा काटा उचलला आणि दोघांना समोर बसवलं.

“शपथा पुरे झाल्या,” ती म्हणाली. “तुमच्या दोघांच्या. एकदम सोडणं तुम्हाला जमणार नाही, ते मला दिसतंय. पण यापुढे मोजमाप मी करणार. हेम, तुझं मिश्रण मी बनवेन. आई, तुझी मिश्रीही मीच देईन. कोणी डब्याला हात लावायचा नाही.”

हेमचंद्राला हे शिक्षेऐवजी बक्षीसच वाटलं. फार्मसीवाली बायको स्वतः मोजून देणार, यापेक्षा सुरक्षित काय असणार? पहिल्या रविवारी त्याने तिच्या खांद्यावरून डोकावत सूचना केल्या. तिने त्याला पोहण्याचा चष्मा देऊन बाहेर बसवलं. नंतर तो फिरकला नाही.

शर्मिला दर रविवारी काटा ओट्यावर मांडायची. शामलाबाईंच्या पुडीत बदामाची जाळलेली टरफलं थोडी थोडी वाढत गेली. त्यांना ते दुसऱ्याच दिवशी कळलं. पण लेकीपुढे मान खाली गेलेली, म्हणून त्या मुकाट्याने दात घासत राहिल्या, आणि एक दिवस पुडी मागायलाच विसरल्या. हेमचंद्राला मात्र कसलाच संशय आला नाही. उलट ऑफिसच्या मीटिंगमध्ये तो सांगायचा, मोजमाप योग्य माणसाच्या हाती दिलं की निम्मी जोखीम संपते.

ऑक्टोबरात एका दुपारी तो अंगणात खुर्ची टाकून बसला होता. त्याने नव्या बाटलीतलं मिश्रण भरून पहिला झुरका घेतला आणि त्याला जोराचा ठसका लागला. डोळ्यांतून पाणी आलं.

“शर्मिला! या वेळचं फार कडक झालंय गं,” तो छाती चोळत म्हणाला. “डोकंच हललं माझं. निकोटिन जास्त पडलंय. असं करू नकोस, जिवावर बेतेल एखाद्या दिवशी.”

शामलाबाईंनी पदर तोंडाला लावला आणि त्या घाईने आत गेल्या.

“हो का?” शर्मिला म्हणाली. “काटा तपासते.”

“तपास. आणि पुढच्या वेळी निम्मंच टाक.”

“बरं. निम्मं टाकते.”

काटा बरोबर होता. निकोटिनच्या उरलेल्या बाटल्या शर्मिलाने गणपती बसायच्या आधीच घातक कचऱ्याच्या केंद्रावर नेऊन दिल्या होत्या.