आधी बॅटरीची तार काढा

गाडी आपण घरीच दुरुस्त करायची, असं तिनं सकाळी चहा गाळता गाळता जाहीर केलं, तेव्हा घरातली एकच व्यक्ती खूश झाली. आणि त्या व्यक्तीला अजून दातही आले नव्हते.

त्या व्यक्तीचं लाडाचं नाव टिमकी. हे नाव का पडलं ते इमारतीत कुणालाही विचारा, सगळ्या मजल्यांवर ऐकू गेलेलं आहे. टिमकीला पाळणा चालत नसे, मांडी चालत नसे, आजीची अंगाई तर मुळीच चालत नसे. संध्याकाळी तिला गाडीत घालून एक चक्कर मारली की ती झोपायची, आणि मग घर जेवायचं. पण आता गाडीच कुरकुरायला लागली होती. जरा खड्डा आला की मागून कुठून तरी 'कुंईऽऽ' असा आवाज यायचा आणि टिमकी टक्क डोळे उघडायची. पुढची रात्र सगळ्यांनी जागून काढायची.

मेकॅनिक म्हणाला, "असे आवाज लपून बसतात, ताई. शोधायला आठवडाभर गाडी ठेवा."

आठवडाभर! तिच्या तोंडचं पाणी पळालं.

"आपण पुस्तक शोधू," ती नवऱ्याला म्हणाली. "प्रत्येक गाडीचं दुरुस्तीचं पुस्तक असतं. वाचून काय होत नाही?"

"पोहायला तू वाचूनच शिकलीस," नवरा म्हणाला. "पाण्यात उतरायचं तेवढं राहिलं."

पण ती ऐकते कसली. बाळाची बाटली दोनदा उकळून वर वासही घेणारी बाई ती; अर्धवट काम तिच्या स्वभावातच नव्हतं. गाडीसोबत आलेल्या चोपड्यात रेडिओ कसा लावावा यावर पानंच्या पानं होती आणि दुरुस्तीबद्दल एकच वाक्य: मेकॅनिकला भेटा. मग इंटरनेट. पहिलं पुस्तक सापडलं ते अशा भाषेत की चित्रंसुद्धा परकी वाटावीत. दुसरं ह्याच नावाच्या गाडीचं होतं, पण तिचं स्टिअरिंग पलीकडच्या बाजूला. ते तिनं आरशासमोर धरून वाचायचा प्रयत्न केला. चित्रं सरळ झाली, अक्षरं उलटी. तिसरं उतरवून घेतलं तर ते निघालं ट्रॅक्टरचं.

शेवटी दुसऱ्या मजल्यावरचे मास्तर धावून आले. ड्रायव्हिंगच्या शाळेत जन्म गेलेला. त्यांनी कपाटावरून एक जाडजूड, तेलकट बाड काढलं. हीच गाडी, हेच साल!

"ठेवा तुमच्याकडेच," मास्तर म्हणाले. "मी कधी उघडलं नाही. मला गाड्या चालवता येतात, उघडता येत नाहीत."

तिला त्यांच्या पाया पडावंसं वाटलं. खाली वाकलीही, पण कडेवर टिमकी होती. तिनं मास्तरांचा चष्मा ओढला आणि समारंभ तिथेच आटोपला.

दुपारी ती पुस्तक घेऊन गाडीपाशी गेली. नवरा टिमकीला घेऊन उभा. पहिलं प्रकरण इशाऱ्यांचं. नमनालाच घडाभर तेल! तुम्ही-आम्ही ते सोडून पुढे गेलो असतो. तिनं ते पेन्सिलीनं खुणा करत वाचलं. कोणतंही काम सुरू करण्याआधी बॅटरीची तार काढा, असं लिहिलं होतं. तिनं डिकीतून पान्हा काढला, तार सोडवली. पुढचं वाक्य: वापरलेलं हत्यार ताबडतोब जागेवर ठेवा. तिनं पान्हा पुसला, डिकीत त्याच्या खोबणीत बसवला आणि डिकी लावून टाकली.

डिकी बटणावर उघडायची. बटण बॅटरीवर चालायचं.

हे तिच्या लक्षात आलं तेव्हा तिनं बटण इतक्या हळुवारपणे दाबलं, जसं काही ते झोपलंय.

"काय झालं?" नवऱ्यानं विचारलं.

"काही नाही. पान्हा जागेवर आहे."

"मग काढ की."

"तेच होत नाहीये."

नवऱ्यानं डिकीकडे पाहिलं, बॅटरीकडे पाहिलं, बायकोकडे पाहिलं आणि हसू दाबताना त्याला ठसका लागला. "मागची सीट पाडून आतून हात घालू?"

"सीटवर बाळाची खुर्ची घट्ट बांधलीय. ती बसवताना आपण घटस्फोटापर्यंत आलो होतो, आठवतंय ना?"

पान्ह्यासाठी मास्तरांना विचारलं. त्यांचा पान्हा जावयाकडे होता. जावई येतोच म्हणाला. 'येतोच' या शब्दात संध्याकाळ झाली, आणि टिमकीनं सूर लावला. मग पट्टी चढवली. इमारतीच्या खिडक्या एकेक करून उघडल्या. सासूबाई पदर खोचत खाली आल्या, त्यांच्या मागून मास्तर, पहिल्या मजल्यावरचे बँकवाले काका आणि वरची नर्स.

"अहो आई, गाडी बंद पडलीय," ती रडकुंडीला येऊन म्हणाली. "म्हणजे मीच पाडलीय. आता ही झोपायची कशी?"

"चाकं आहेत ना जागेवर?" सासूबाई म्हणाल्या. "मग ढकलू या. तू बस पुढे."

तिनं टिमकीला खुर्चीत बांधलं, किल्ली फिरवून स्टिअरिंग मोकळं केलं. मागून नवरा, काका, मास्तर आणि नर्स. सासूबाई मागच्या दारावर हात ठेवून बाजूनं. गाडी अंगणातून नवरीसारखी संथ निघाली. इंजिनचा आवाज नाही, फक्त चपलांचा आणि काकांच्या धापांचा. आरशात तिला ते घामेजलेले चेहरे दिसले. आपल्या एका पोरीच्या झोपेसाठी एवढी माणसं वाकली आहेत, हे पाहून तिला समोरचं काही दिसेना.

"ताई, रडा, पण झाड चुकवा," नर्स मागून म्हणाली.

"थांबा जरा," सासूबाई एकदम कुजबुजल्या. "कुरकूर इथे हाताला लागतेय. ह्या दाराच्या खिट्टीत." त्यांनी वर जाऊन शिलाई मशीनचं तेल आणलं आणि दोन थेंब सोडले. पुढच्या खड्ड्यात गाडी मुकी राहिली.

टिमकी कधीच झोपली होती. इतकी गाढ, की जावई पान्हा घेऊन आला तेव्हा सगळ्यांनी त्याला ओठांवर बोट ठेवून वर मास्तरांकडे पिटाळलं. इंजिन सुरू करायची कुणाची छाती होती?

दुसऱ्या दिवशी तार जोडली, गाडी सुरू झाली. लोण्यासारखी. तिनं सकाळीच घरोघर जाऊन मास्तरांचे, काकांचे, नर्सचे मनापासून आभार मानले. संध्याकाळी ऐटीत टिमकीला आणि नवऱ्याला घेऊन चक्कर मारायला निघाली. पहिलं वळण, दुसरं वळण. टिमकी टक्क जागी. बाजारापर्यंत जाऊन आली. टिमकी खिडकीतून दिवे मोजत होती. अंगणात येऊन तिनं इंजिन बंद केलं. नवरा उतरला, मागे गेला आणि ढकलू लागला. टिमकीनं जांभई दिली.

तेव्हापासून दिवेलागणीला काका बूट घालून स्वतःहूनच खाली येतात. नर्सची पाळी असेल तर मास्तरांचा जावई येतो. गाडी आता ठणठणीत चालते. फक्त चालवायची सोय उरलेली नाही.