गुणाजीच्या फोटोला हार

मी शरच्चंद्र. कचेरीत आवक-जावक कारकून असलो, तरी रक्ताने गुप्तहेर. समोरच्याच्या चपला बघून मी त्याचं गोत्र सांगतो. कधी जुळलं नाही, तर त्याचं गोत्र चुकलेलं असतं. मुलुंडच्या आमच्या चाळीत गुन्हे होत नाहीत ते माझ्या दराऱ्यामुळे. आमची कुंदा म्हणते, चोरण्यासारखं कोणाकडे काही नाही म्हणून.

त्या रविवारी शेजारच्या गुणाजीच्या उघड्या दारातून सहज नजर गेली नि मी थबकलो. भिंतीवर गुणाजीचा फोटो, आणि फोटोला चंदनाचा हार!

"कुंदा, गुणाजी गेला."

"कुठे?"

"वर. मागच्या रविवारी तो आपल्याकडे टीव्हीवरचा सिनेमा बघायला आला नाही. फुकटचा सिनेमा जिवंत माणूस सोडत नाही."

"विक्रोळीला दुसरी पाळी होती त्याची."

"असं त्याची बायको सांगते! नवरा गेला तरी जानकीच्या कपाळाला कुंकू, घरात शिऱ्याचा वास. विषप्रयोग. शिऱ्यातून."

"अहो, शिरा पाहुण्यांसाठी आहे! आज त्यांच्या शकुला बघायला येतायत. किती दिवसांनी स्थळ आलंय. तोंड उघडून पोरीचं वाटोळं करू नका."

पण सत्यापुढे मी शेजारधर्म बघत नाही. पाहुणे जिन्यावर दिसताच आडवा गेलो.

"आत जाऊ नका. मुलीच्या बापाचा खून झालाय!"

मुलाचे वडील धोंडिराम तिथूनच मागे फिरू लागले. दारात उभ्या शकुचे डोळे भरले. माझ्यासारख्या कठोर माणसालाही ते बघवेना.

तेवढ्यात वेफर्सचा पुडा घेऊन खालून गुणाजी आला.

"पावण्यांका भायर कित्याक उभे केलात?"

"हा तोतया आहे," मी म्हणालो.

कुंदाने मला बाजूला सारलं नि सरळ विचारलं, "जानकी, फोटोला हार कसा गं?"

"अगो, थंय सासऱ्यांचो फोटो होतो. काच फुटली म्हणान दुकानात दिलो. भिंतीचो डाग दिसाक लागलो, म्हणान ह्येंचो लावलो. हार खिळ्यारच होतो, तो काढूचो रवलो."

धोंडिरामांनी दारातून फोटोकडे पाहिलं, गुणाजीकडे पाहिलं, नि असे हसले की शकुलाही हसू फुटलं.

"चला, व्याही हयात आहेत तर चहा घेऊ!"

गुणाजीने स्टुलावर चढून हार काढला. ठेवायला जागा दिसेना, म्हणून माझ्याकडे दिला. प्रकरण तडीस नेणाऱ्याचा सत्कार होतोच. मी विनयाने मान झुकवून हार गळ्यात घातला.

कुंदाने कपाळावर हात मारला. "अहो, नुसता धरायला दिलाय तो!"